पाटी जुनी की नवी?

परिषदेला एकशे चाळीस देश होते आणि प्रत्येक देशाची माणसं घोळक्याने हिंडत. मोठ्या देशांची तर चाळीस-चाळीस: कायद्याचा एक, शेतीचा एक, औषधांचा एक, नुसती फाईल धरायला एक, आणि फाईलवाल्याला कॉफी आणून द्यायला आणखी एक. डासमास्तर मात्र एकटेच. त्यांच्या देशाचं शिष्टमंडळ म्हणजे ते स्वतः, त्यांची तपकिरी बॅग आणि गळ्यातलं ओळखपत्र.

मास्तर कॉलेजात कीटकशास्त्र शिकवत. जनुकं बदललेल्या जिवांचं काम बघायला त्यांच्या मंत्रालयात एकच टेबल होतं. त्या टेबलावरचा माणूस निवृत्त झाला तेव्हा कुणीतरी म्हणालं, कॉलेजातले ते डासवाले आहेत ना, त्यांना पाठवा. या गोष्टीला अकरा वर्षं झाली. पाठवणारे विसरले, पण पाठवायचं थांबले नाहीत. "एकटा जीव सदाशिव! तुमचं बरंय मास्तर, जग हिंडायला मिळतं," असं स्टाफरूममधले म्हणत. हिंडणं म्हणजे काय, तर हॉटेलची खोली, खिडकी नसलेलं सभागृह आणि परत खोली. बारा-बारा दिवस तोंडातून निघणारा प्रत्येक शब्द 'माझ्या देशाच्या वतीने'. स्वतःच्या वतीने बोलायचं ते फक्त नाश्त्याला, अंडं उकडलेलं हवं म्हणून सांगताना.

आता मुद्दा काय होता ते सांगतो, म्हणजे पुढचं रामायण कळेल. मास्तरांच्या देशाच्या शेजारी एक मोठा देश आहे. त्याने डासांचा कायमचा बंदोबस्त करायचं मनावर घेतलं होतं. फवारणी नाही की धूर नाही. प्रयोगशाळेत नर डासांच्या जनुकांत असा फेरफार करायचा, की तो पिढ्यान् पिढ्या उतरत जाईल आणि होणारी प्रत्येक मादी वांझ निघेल. असे नर मोकळे सोडले, की काही हंगामांत ती जातच संपली. झकास कल्पना. फक्त डास काही पासपोर्ट घेऊन उडत नाही. दोन देशांमध्ये एक नदी, आणि वारा असेल तर ती ओलांडायला डासाच्या पिढ्यांना एक उन्हाळा पुरतो. म्हणजे निर्णय एकाच्या घरात आणि डास संपणार दोघांच्या.

म्हणून मास्तरांनी कराराच्या मसुद्यात, कलम सतराच्या शेवटी, एक वाक्य घातलं होतं: 'शेजारी देशाला विचारून त्याची लेखी संमती घेतल्याशिवाय असे कीटक मोकळे सोडू नयेत.' परिषदेची रीत अशी, की ज्यावर सगळ्यांचं एकमत नाही तो मजकूर चौकटी कंसात ठेवायचा. ते वाक्य चार वर्षं कंसात होतं. दरवर्षी कुणीतरी ते काढायला बघे आणि दरवर्षी मास्तर ते राखत.

लोक त्यांना 'डासांचा वकील' म्हणत. हसत म्हणत, पण लागायचं. कारण मास्तरांची बायको गेली होती ती डासाच्याच तापाने.

सहा वर्षांपूर्वीची गोष्ट. मास्तर तेव्हाही अशाच एका परिषदेत होते आणि नियमाप्रमाणे फोन बंद करून बॅगेत ठेवला होता. तिकडे दवाखान्यातून तीन वेळा फोन आला. ताप उतरत नव्हता, एक नवं इंजेक्शन देऊन बघायचं होतं, त्याला नवऱ्याची संमती हवी होती. नवरा मिळेना म्हणून मेहुण्याने सही केली. तिसऱ्या दिवशी ती गेली. तापाने गेली की इंजेक्शनने, डॉक्टरांनाही सांगता आलं नाही. मेहुण्याची काही चूक नव्हती, आणि मास्तर तिथे असते तर त्यांनीही सहीच केली असती. हे त्यांना पक्कं माहीत होतं. पण त्यांना विचारायची वेळ आली तेव्हा ते त्या खोलीत नव्हते, आणि हे काही केल्या मनातून जात नव्हतं. घरी दोघांची मोठी मच्छरदाणी होती, तिच्यात ते अजून एका कडेला झोपत.

तेव्हा डासांवर त्यांचं प्रेम असण्याचं काही कारण नव्हतं. कुणी डिवचलं की ते एवढंच म्हणत, "अहो, मी नको कुठे म्हणतोय? विचारा म्हणतो. विचारायचं तरी."

सभागृहात देश अक्षरक्रमाने बसत आणि योगायोग असा, की नकाशावर शेजारी असलेले हे दोन देश अक्षरांतही शेजारीच आले होते. मोठ्या देशाच्या खुर्चीवर एक वकीलबाई बसत. मास्तर मनातल्या मनात तिला शेजारीण म्हणत. तीही अकरा वर्षांपूर्वीच पहिल्यांदा आलेली. माईक चालू झाला की ती म्हणे, "आमच्या आदरणीय शेजाऱ्यांच्या भावना आम्ही समजू शकतो, परंतु..." आणि पुढे पाच मिनिटं त्या भावनांची नीट चिरफाड करी. माईक बंद झाला की पुदिन्याच्या गोळ्यांची डबी मास्तरांकडे सरकवी. त्यांचा पाण्याचा ग्लास रिकामा दिसला तर भरी. मास्तर एक गोळी घेत आणि मान हलवत. अकरा वर्षांत दोघांचं बोलणं याच्या फारसं पुढे गेलं नव्हतं, आणि तरी त्या बारा दिवसांत मास्तरांचा घसा खवखवतोय हे ज्याला कळावं असं माणूस जगात ते एकच होतं.

प्रत्येकाच्या पुढ्यात देशाच्या नावाची प्लास्टिकची पाटी असे. एरवी आडवी. बोलायचं असेल तर ती उभी करायची आणि बोलून झालं की पुन्हा आडवी करायची. आता एवढी मोठमोठी माणसं, पण बोलून झालं की आपल्याच भाषणावर खूश होऊन निम्मे लोक पाटी आडवी करायला विसरत. मग अध्यक्ष चष्म्यावरून बघून विचारत, "ही पाटी जुनी की नवी?" जुनी म्हणजे बोलून झालेल्याची, नवी म्हणजे अजून बोलायचं असलेल्याची. हा विनोद दर तासाला होई आणि दर तासाला लोक हसत. दुसरं हसायला काही नसे.

गुरुवारी कंसांचा शेवटचा दिवस होता. नियम साधा होता. अध्यक्ष एकेक कलम काढणार आणि कंसातल्या वाक्याच्या मागे कोण उभं आहे ते विचारणार. कुणाची पाटी उभी असेल तर ते वाक्य शुक्रवारी मंत्र्यांपुढे जाईल. कुणीच नसेल तर कंसासकट वाक्य बाद. मास्तरांना हे तोंडपाठ होतं. सकाळी कलम बारावर ते बोललेही होते.

दुपारी चारला फळ्यावर कागद लागला. कलम सतरा इथेच, दोन नंबरच्या सभागृहात. आणि त्याच वेळी वरच्या मजल्यावर, नऊ नंबरच्या खोलीत, व्याख्यांची बैठक. तिथे 'मोकळे सोडणे' म्हणजे काय ते ठरणार होतं. जाळीच्या शेडमध्ये ठेवलेले कीटक मोकळे सोडल्यात धरायचे नाहीत, असा डाव होता. आता जाळीला भोक पडायला कितीसा वेळ लागतो? ती व्याख्या तशी झाली असती, तर मास्तरांचं वाक्य म्हणजे बूड गेलेली कळशी. चाळीस माणसांच्या देशाला यात अडचण नव्हती: वीस इथे, वीस तिथे. एका माणसाचं काय करायचं? इकडे आड, तिकडे विहीर.

मास्तरांनी हिशेब केला. सभागृहात अजून कलम चौदाच चाललं होतं. सतरा यायला तास तरी लागेल. तेवढ्यात वर जाऊन, बोलून, परत येता येईल. आणि नाहीच जमलं तर? त्यांनी आपली पाटी उभी केली, हलत नाही ना ते बघितलं, आणि बॅग उचलली.

शेजारीण पाठीमागच्या माणसाकडून काहीतरी कागद घेत होती. तिला नुसतं म्हणायचं होतं, 'बाई, मी वर जाऊन येतो, पाटीकडे लक्ष ठेवा.' पाच सेकंदांचं काम. मास्तरांच्या ते ओठांवर आलंही. पण ज्या वाक्याच्या ती विरोधात, तेच राखायला तिला कसं सांगायचं? तिला अवघड नाही का व्हायचं? असा विचार केला आणि गिळलं. खरं सांगायचं तर हे निमित्त होतं. मास्तरांनी जन्मात कुणाकडे काही मागितलं नव्हतं. बायको गेल्यावर महिनाभर शेजारचे डबा देऊ म्हणत होते, तर हे 'कशाला उगाच तुम्हाला त्रास' म्हणत उपाशी झोपले. भीड ही भिकेची बहीण म्हणतात ते खोटं नाही.

वर मात्र फत्ते झाली. मास्तर तिथे मच्छरदाणीवर बोलले. म्हणाले, "मी रोज मच्छरदाणीत झोपतो आणि रोज सकाळी आत एक तरी डास असतो. तो जाळीबंद म्हणायचा की मोकळा?" खोली हसली, आणि दोन-चार छोटे देश त्यांच्या बाजूने उभे राहिले. व्याख्या बचावली. मास्तर इतके खूश, की लिफ्टची वाट न बघता जिना उतरले, गुडघे दुखत असूनही.

सभागृहात शिरले तेव्हा पडद्यावर कलम अठरा होतं.

त्यांची पाटी आडवी होती. कुणीतरी अगदी नीट, टेबलाच्या कडेला समांतर ठेवलेली. मास्तर खुर्चीत बसले. पुढच्या कागदावर कलम सतरा स्वच्छ छापलेलं होतं. कंस नव्हता आणि वाक्यही नव्हतं.

शेजारणीने गोळ्यांची डबी सरकवली आणि हळू आवाजात म्हणाली, "कुठे होतात? मधली दोन कलमं कुणी उघडलीच नाहीत. एकदम सतरा आलं."

"पाटी..." मास्तर म्हणाले.

"हो, उभीच राहिली होती तुमची. अध्यक्षांनी विचारलं, जुनी की नवी? सगळे हसायला लागले. मी म्हटलं, जुनी असेल, सकाळी बोललेत ते. आणि आडवी केली." मग म्हणाली, "मागच्या वर्षी पण विसरला होतात ना तुम्ही? अख्खी दुपार उभी होती. लोक किती हसले होते. मला नाही आवडलं ते. म्हणून..."

मास्तरांनी कागदावर, कंस होता त्या जागी बोट ठेवलं. तिने त्यांच्या तोंडाकडे पाहिलं, मग कागदाकडे, आणि तिचा हात डबीवरच राहिला.

"नवी होती?"

"नवी होती."

"मला वाटलं, तुम्ही वाक्य सोडलंत. चार वर्षांनी कंटाळलात." ती म्हणाली. "मास्तर, मला का नाही सांगितलंत? इथे तर बसले होते मी. तुमच्या शेजारी. सांगायचं तरी!"

चार वर्षं सगळ्या जगाला मास्तर हेच सुनावत आले होते आणि आता ते त्यांनाच ऐकावं लागत होतं. शेजारणीचा त्यांना राग आला नाही. आला असता तर बरं झालं असतं, रागाची सोबत तरी झाली असती. अकरा वर्षांत कुणीतरी पहिल्यांदा त्यांची लाज राखायला धावलं होतं, आणि त्यात हे झालं.

मागून तिच्या शिष्टमंडळाचे प्रमुख वाकले आणि तिच्या खांद्यावर थाप मारून म्हणाले, "शाब्बास! चार वर्षं जमलं नाही ते एका हाताने केलंत." ती मान खाली घालून बसली.

मास्तरांनी कलम पुन्हा उघडायची विनंती केली. कुणाची हरकत नसेल तर तेही करता येतं. प्रमुखांची हरकत होती. बळी तो कान पिळी, आणि इथे तर पिळायला कान एकच.

शुक्रवारी सगळे देश मोठ्या सभागृहात जमले. अध्यक्षांनी हातोडी उचलली. "करार मंजूर करण्यास कुणाचा आक्षेप?"

एका देशाने जरी आक्षेप घेतला तर करार मंजूर होत नाही, हीही तिथली रीतच. म्हणजे त्या क्षणी एकट्या मास्तरांच्या हातात सगळ्या जगाचा गळा होता. रात्रभर त्यांनी हाच विचार केला होता. अडवलं तर आपलं वाक्य तर गेलंच, पण बाकीची तेवीस कलमंही जाणार, आणि मग कुणीच कुणाला काही विचारायला बांधलेलं नसणार. रागाने स्वतःचं घर जाळून शेजाऱ्याला धूर दाखवण्यातला प्रकार. त्यांनी पाटी उभी केली.

सभागृहातल्या माना वळल्या. अध्यक्षांनी चष्म्यावरून बघितलं आणि हलकं करायचं म्हणून विचारलं, "ही पाटी जुनी की नवी?" कालच्याइतके लोक हसले नाहीत.

"नवी," मास्तर म्हणाले. "माझा आक्षेप नाही. फक्त एवढं नोंदवून घ्या, की कलम सतरा मिटलं तेव्हा मी खोलीत नव्हतो."

अध्यक्ष गोंधळले. असं कुणी नोंदवत नाही. कोण होतं ते नोंदवतात, कोण नव्हतं ते कशाला? ते बाजूच्या सचिवाशी कुजबुजायला लागले. तेवढ्यात मास्तरांच्या शेजारची पाटी उभी राहिली.

"नोंदवा," शेजारीण म्हणाली. "आणि त्यांची पाटी मी आडवी केली होती, त्यांना न विचारता, हेही नोंदवा." प्रमुखांनी मागून तिची बाही ओढली. तिने माईक बंद केला, मग पाटी आडवी केली. हातोडी पडली आणि लोक उठून एकमेकांना मिठ्या मारायला लागले. मास्तर बॅग आवरत होते. मान वर केली तेव्हा बाजूची खुर्ची रिकामी होती आणि गोळ्यांची डबी त्यांच्या कागदांवर होती.

चार महिन्यांनी अहवाल आला, तीनशे पानी. दोनशे बाराव्या पानावर तळाला बारीक टीप होती: 'कलम सतराच्या वेळी आपण उपस्थित नव्हतो, असे एका प्रतिनिधीने नमूद केले.' पाटीचं काही नव्हतं. पुढच्या परिषदेला शेजारच्या खुर्चीवर एक तरुण गृहस्थ आले. ते सगळा वेळ फोनमध्ये बघत. मास्तरांचा ग्लास रिकामा झाला की मास्तर उठून स्वतः भरून आणत. त्या वर्षानंतर त्यांनी मंत्रालयाला कळवलं, की गुडघे साथ देत नाहीत, दुसरं कुणी बघा. दुसरं कुणी मिळालं नाही, म्हणून पाठवायचं बंद झालं.

नंतर दोन उन्हाळे गेले. एका दुपारी मास्तर मच्छरदाणीचं फाटलेलं टोक शिवत बसले होते आणि फोन वाजला.

"मास्तर? मी बोलतेय." नाव सांगायची गरज पडली नाही. आवाज त्यांनी अकरा वर्षं कानाजवळ ऐकला होता.

"बाई! कुठून?"

"तुमच्या पलीकडच्या काठावरून. बदली झाली माझी, त्या परिषदेनंतर. जिल्ह्याचं ऑफिस आहे. नदी दिसते खिडकीतून." मग म्हणाली, "घसा कसाय?"

"बराय," मास्तर म्हणाले.

"उद्या सकाळी सहाला सोडणार आहेत. इथूनच. वीस लाख नर."

"वारा कुठला आहे?"

"तुमच्याकडे जाणारा."

"आमच्या मंत्रालयाला कळवलंय?"

"नाही. नियमात नाही ते. तुम्हाला माहीतच आहे." तिने श्वास घेतलेला ऐकू आला. "मलाही कुणी विचारायला सांगितलेलं नाही. मी माझं विचारतेय. सोडू का?"

मास्तरांच्या एका हातात सुई होती, तिच्यात दोरा होता. या प्रश्नाचं उत्तर त्यांनी कितीतरी वर्षं तयार ठेवलं होतं, अटींसकट, पोटकलमांसकट. त्यातलं एक अक्षर आठवेना.

"अहो, मी काय देश आहे का?" ते म्हणाले.

"नसाल. पण अकरा वर्षं ती पाटी तुमच्याच पुढ्यात होती." मग म्हणाली, "तुम्ही नाही म्हणालात तर माझ्याने थांबवलं जाणार नाही, हेही सांगते. खोटं कशाला बोलू? पण विचारल्याशिवाय मला इथे उभं राहवेना. थांबते मी. तुम्ही विचार करा."

आणि ती खरंच थांबली. फोनवर नुसता तिच्या खिडकीतला वारा ऐकू येत होता. मास्तरांनी मच्छरदाणीकडे पाहिलं. दोघांची होती, एवढी मोठी, शिवून शिवून जड झालेली. दवाखान्यातला तो वॉर्ड त्यांना आठवला आणि तिथे आज झोपलेली माणसं डोळ्यांपुढे आली. त्या माणसांचीही कुणीतरी घरी वाट बघत असणार.

"सोडा," मास्तर म्हणाले.

"नक्की?"

"सोडा बाई. मी नको कधी म्हटलंच नव्हतं."

फोन ठेवल्यावर ते उठले. तोंडभर हसू आलं होतं आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं, दोन्ही एकदम. ते घाईघाईने स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेले, "अगं, मला विचारलं," असं म्हणायला तोंड उघडलं, आणि तिथेच उभे राहिले. घरात कुणीच नव्हतं.